नावाला लावलेली तीट

बंगालच्या मेदिनीपूर जिल्ह्यातल्या त्रैलोक्यनाथ आणि लक्ष्मीप्रिया बोस यांना तीन मुली होत्या. मुलगे दोन झाले होते, पण दोन्ही तान्हेपणीच गेले. 3 डिसेंबर 1889 रोजी पुन्हा मुलगा झाला, तेव्हा आईबापांनी तो विकून टाकला. गिऱ्हाईक परकं नव्हतं, त्यांचीच थोरली मुलगी अपरूपा होती, आणि किंमत ठरली तीन मुठी ‘खुद’. तांदूळ कांडून पाखडताना जी बारीक कणी खाली पडते तिला बंगालीत खुद म्हणतात. सौदा झाला आणि मूल कागदोपत्री नाही तरी देवाधर्मापुढे बहिणीचं झालं. ज्या घरातली मुलं न्यायची मृत्यूला सवय लागली होती, त्या घरात आता त्याच्या हक्काचं मूल उरलं नव्हतं. त्या कणीवरून मुलाचं नाव पडलं खुदीराम. हेच खुदीराम बोस बाँबप्रकरणात 11 ऑगस्ट 1908 रोजी मुझफ्फरपूरच्या तुरुंगात फाशी गेले, आणि त्या बाँबप्रकरणावर ‘केसरी’त लिहिलेल्या अग्रलेखांपायी टिळकांना सहा वर्षं मंडाले भोगावं लागलं. एवढं मोठं झालेलं हे नाव मुळात तीन मुठी कणीची पावती आहे.

नावांच्या अर्थाची पुस्तकं आपल्याकडे पूर्वीपासून आहेत, आणि आता मोबाइलवर त्यांच्या न संपणाऱ्या याद्या मिळतात. डावीकडे नाव, उजवीकडे अर्थ. या पद्धतीनं पाहिलं तर खुदीराम म्हणजे कणी, दगडू म्हणजे दगड, कचरू म्हणजे कचरा. यात खोटं काही नाही, पण ज्याला ते नाव समजून घ्यायचं आहे त्याच्या हाती यातून काहीच लागत नाही. नाव ठेवणं हे एक बोलणं असतं, आणि बोलणं कुणाला तरी उद्देशून असतं. म्हणून माझं म्हणणं असं की नावाचा अर्थ शोधताना ‘हा शब्द काय सांगतो’ याच्या आधी ‘हे नाव कुणाच्या कानावर जावं म्हणून ठेवलं’ हा प्रश्न विचारायला हवा. आपल्या पूर्वजांना हे पक्कं ठाऊक होतं. गृह्यसूत्रांत मुलाला दोन नावं ठेवायला सांगितली आहेत: एक चारचौघांत हाक मारायचं, आणि एक गुप्त, जे मुंज होईपर्यंत फक्त आईबापांना माहीत असायचं. ऐकणारे दोन, म्हणून नावं दोन. यशवंत, लक्ष्मी, विजय अशा गोड नावांत हा ऐकणारा लपून राहतो, कारण शुभेच्छा कुणीही ऐकली तरी चालते. कुरूप नावांत मात्र तो लपत नाही. कुठल्या आईबापांनी आपल्या पोटच्या पोराला दगड, केर किंवा भीक म्हणावं? म्हटलं असेल तर कुणाला तरी ऐकवायला म्हटलं असणार.

महाराष्ट्रात अशा नावांची कमतरता कधीच नव्हती. दगडू, धोंडू, केरू, कचरू, उकर्डा, भिकू, भिकाजी, फकिरा, नथू ही नावं जुन्या सातबाऱ्यांवर, शाळांच्या जनरल रजिस्टरात आणि पंढरीच्या बडव्यांच्या वह्यांत पानोपानी सापडतील. यामागचे विधी गावोगाव थोडे थोडे वेगळे, पण सूत्र एकच. ज्या बाईची मुलं जगत नसत, तिच्या पुढच्या मुलाला जन्मल्यावर सुपात घालून उकिरड्यावर ठेवायचं, दुसऱ्या कुणी तरी ‘इथे एक पोर पडलंय’ म्हणून ते उचलायचं, आणि मग आईनं पसाभर धान्य किंवा चार दिडक्या देऊन ते परत घ्यायचं. असं घेतलेलं मूल उकर्डा किंवा केरू. पाच घरी जोगवा मागून त्या भिकेवर वाढवलं तर भिकू. मुलाचं नाक टोचून त्यात नथ घातली, परकर नेसवून मुलगी म्हणून वागवलं, तर नथू. ज्या घरात पाचवीच्या रात्री सटवाईची पूजा मांडत आणि तीच सटवाई रुसली तर मूल नेते असंही मानत, त्या घरात बाळाचा जीव अशा कुणाच्या तरी डोळ्यांवर अवलंबून होता जिला सुंदर, लाडकं, गोंडस ते आधी दिसतं. म्हणून आई बाळाच्या गालावर काजळाची तीट लावते. देखण्या चेहऱ्यावर मुद्दाम केलेला तो डाग पाहून कुणी म्हणत नाही की आईला बाळ काळं दिसावंसं वाटतं. दगडू हे नाव म्हणजे नावाला लावलेली तीट. मात्र प्रत्येक धोंडूच्या मागे हीच कथा असेल असं नाही. अधिक महिन्याला आपण धोंड्याचा महिना म्हणतो, आणि त्या महिन्यात जन्मला म्हणूनही कुणी धोंडू झाला. तेच नाव, तेच अक्षर, पण एका घरात ते भेदरलेल्या आईचं बोलणं आणि दुसऱ्या घरात नुसती पंचांगातली नोंद. त्या घरचं कारण कळल्याशिवाय कोशातला धोंडा आपल्याला कुठेही नेत नाही.

ही केवळ आपल्या मातीतली रीत असती तर तिला एक स्थानिक समजूत म्हणून सोडून देता आलं असतं. पण आपल्यापासून दूरदूरच्या समाजांनीही नेमका हाच मार्ग काढला. मंगोलियात नेरगुइ म्हणजे ‘नाव नाही’, एनेबिश म्हणजे ‘हा नव्हे’, खुनबिश म्हणजे ‘माणूस नव्हे’. मूल शोधत आलेल्या दुष्ट शक्तीनं दारात विचारलं तर घरच्यांचं उत्तर मुलाच्या नावातच तयार. चीनमध्ये तान्ह्या मुलाचं दुधाचं नाव वेगळं आणि पुढे शाळेचं नाव वेगळं अशी चाल होती. दुधाच्या नावांत ‘कुत्र्यानं सोडलेला’ अशा अर्थाचं कौशंग हे खेड्यांतलं अगदी नेहमीचं. हान काळातला थोर कवी सिमा श्यांगरू याला आईबाप ‘कुत्र्याचं पोर’ म्हणत अशी नोंद ‘शिजी’ या प्राचीन इतिहासग्रंथात आहे. शिकून मोठा झाल्यावर त्यानं एका जुन्या मुत्सद्द्यावरून स्वतःचं नाव बदललं. कोरियात मुलांना लाडानं कुत्र्याची विष्ठा म्हणत. पूर्व युरोपातल्या यहुदी घरांत अशक्त बाळाला आल्टर म्हणत, म्हणजे ‘म्हातारा’. मृत्यूचा दूत कोवळं मूल न्यायला आला तर त्याला इथे म्हाताराच भेटावा. तुर्कस्तानात दुर्सुन म्हणजे ‘राहू दे’, ‘टिकू दे’. नायजेरियातले योरुबा लोक मानतात की काही मुलं पुन्हा पुन्हा जन्म घेऊन पुन्हा पुन्हा मरतात. अशा मुलाला ते कोकुमो म्हणतात, ‘आता मरणार नाही’. किंवा मालोमो, ‘पुन्हा जाऊ नकोस’. किंवा कोसोको, म्हणजे ‘कुदळच नाही’. खड्डा खणायला घरात कुदळ शिल्लक नाही, तेव्हा बाबा रे, मेलास तर पुरायचं कसं? याच नावाचा राजा 1845 ते 1851 या काळात लागोसच्या गादीवर होता आणि त्याला हटवायला इंग्रजांना आरमारातून तोफा डागाव्या लागल्या.

यांतलं सर्वांत स्पष्ट साक्षीपत्र सर्बियातून मिळतं. वुक कारादजिच (1787–1864) हे आधुनिक सर्बियन भाषेचे शिल्पकार. लोकगीतं गोळा करणारे, लिपी सुधारणारे, पहिला मोठा कोश करणारे. वुक म्हणजे लांडगा. 1818 साली निघालेल्या आपल्या कोशात या शब्दाखाली त्यांनी लिहून ठेवलं की ज्या बाईची मुलं जगत नाहीत ती मुलाचं नाव वुक ठेवते. चेटकिणी मुलं खातात असं लोक मानतात, आणि लांडग्यावर झडप घालायला त्या धजणार नाहीत अशी समजूत आहे. म्हणूनच माझं नाव हे ठेवलं गेलं. कोशकारानं स्वतःच्या नावाची नोंद करताना शब्दार्थावर न थांबता त्यामागची आई आणि तिची गेलेली मुलं दाखवली, हे मला फार मोलाचं वाटतं. नावांच्या याद्या करणाऱ्यांना कारादजिचांच्या या एका नोंदीवरून बरंच शिकता येईल. त्यांचं आणि आपल्या दगडूचं धोरण मात्र उलट आहे. दगडू मृत्यूला सांगतो की इथे नेण्यासारखं काही नाही, आणि वुक सांगतो की हात लावशील तर चावेन. एक लपतो, एक दात दाखवतो. पण दोघांचा श्रोता एकच.

यावर पहिला आक्षेप ठरलेला आहे: ही शुद्ध अंधश्रद्धा, तिचं कौतुक कशाला? ब्रिटिश अधिकारी आपल्याकडची नावं गोळा करत तेव्हा त्यांचाही सूर असाच असे. रिचर्ड कार्नाक टेंपल यांनी 1883 साली पंजाबी नावांवर आख्खं पुस्तक लिहिलं आणि त्यात अशा ओंगळ नावांची दखल घेतली. युरोपातही हेच चालत होतं हे कारादजिचांच्या कोशावरून दिसतं, तरी या नावांवर पौर्वात्य विचित्रपणाचा शिक्का बसला तो बसलाच. नावामुळे मूल वाचत नव्हतं हे उघड आहे. पण त्या आईपुढे पर्याय काय होते, हेही विचारायला हवं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हिंदुस्थानात जन्मलेल्या दर हजार मुलांपैकी दोनशेच्या आसपास मुलं वर्षाच्या आत जात. म्हणजे पाचातलं एक. हा सरासरी आकडा झाला. धनुर्वात, देवी, हगवण यांनी एकाच घरातली तीन-चार मुलं ओळीनं नेली, तर त्या घराला सरासरीचा काय उपयोग? सुईणीच्या कोयत्यावरचे जंतू कुणाला दिसत नव्हते आणि धनुर्वाताची लस अजून यायची होती. जे हाती होतं ते बाईनं केलं: नवस, अंगारा, गंडा, आणि नाव. त्यातलं नाव फुकट होतं आणि जन्मभर टिकणारं होतं. 2020 च्या नमुना नोंदणी पाहणीत देशाचा बालमृत्यू दर हजारी 28 आणि महाराष्ट्राचा 16 होता. बारशाला गोड नाव ठेवण्याची मोकळीक आजच्या आईबापांना मिळाली ती सुशिक्षितपणामुळे मिळाली असं आपण समजतो, पण तिचा मोठा वाटा लशीचा, स्वच्छ पाण्याचा आणि दवाखान्यातल्या बाळंतपणाचा आहे. भीती गेली तशी तीटही गेली.

दुसरा आक्षेप याहून पुष्कळ वजनदार आहे आणि त्याला घाईनं उत्तर देऊन चालणार नाही. तो असा: कुरूप नावांमागे आईची माया शोधणं ठीक, पण ही नावं कुणाच्या वाट्याला आली ते पाहा. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नामकरणाचे नियम आहेत. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळ दाखवणारं, वैश्याचं धन दाखवणारं आणि शूद्राचं किळस वाटावी असं. इथे नावाचा श्रोता मृत्यू नाही, समाज आहे. जन्मल्या दिवसापासून माणसाला त्याची पायरी सांगत राहावं आणि बाकीच्यांनाही ती विसरू देऊ नये, यासाठीची ही योजना. तेव्हा वाड्याबाहेरच्या वस्तीतल्या कचऱ्याला आईनं वाचवण्यासाठी कचऱ्या म्हटलं की त्याला दुसरं काही म्हणायची मुभाच नव्हती? माझ्या मते दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, आणि त्या एकमेकींत मिसळल्या आहेत म्हणून त्या सोडवून पाहणं गरजेचं आहे. तीट म्हणून ठेवलेलं कुरूप नाव ही कुठल्या एका जातीची मिरास नव्हती. ऐतरेय ब्राह्मणातल्या अजीगर्त ऋषीच्या तीन मुलांची नावं शुनःपुच्छ, शुनःशेप आणि शुनोलांगूल. तिन्हींचा अर्थ कुत्र्याचं शेपूट. सत्तावन्नच्या उठावातले नानासाहेब पेशवे म्हणजे धोंडोपंत. विधवांच्या शिक्षणासाठी आयुष्य वेचणारे महर्षी कर्वे म्हणजे धोंडो केशव. ब्राह्मण घरांत धोंडो, भिकाजी ही नावं सर्रास होती.

फरक पडतो तो पुढच्या अक्षरांत. धोंडा सगळीकडे सारखाच, पण वाड्यात त्याचा धोंडोपंत होतो, पाटलाच्या घरात धोंडजी किंवा धोंडीबा, आणि गावकुसाबाहेर धोंड्या. पंत, राव, जी, बा ही प्रत्ययांची उतरंड आणि तिच्या तळाशी तो ‘या’, ज्यानं म्हाताऱ्या माणसालाही कालच्या पोरानं हाक मारावी. आईनं मृत्यूला फसवण्यासाठी ठेवलेलं नाव उच्चवर्णीय घरात काम झाल्यावर बाजूला पडे. मूल जगलं, मोठं झालं की मानाचा प्रत्यय त्या दगडावर शेंदूर चढवी. दलिताच्या वाट्याला मात्र तो दगड तसाच राही, कारण गावाला तो तसाच हवा होता. म्हणजे आईनं एका श्रोत्यासाठी उच्चारलेला शब्द दुसऱ्याच श्रोत्यानं पळवला आणि आपल्या कामाला लावला. दया पवार यांचं ‘बलुतं’ 1978 साली आलं. पवारांचं मूळ नाव दगडू मारुती पवार, आणि पुस्तकात हा दगडूच आपली कहाणी दया पवारांना सांगतो. एकाच माणसाच्या दोन नावांनी एकमेकांसमोर बसावं, ही मराठी साहित्यातली अतिशय मोठी कल्पना आहे. नावातला जातीचा बोजा ज्यानं वाहिला त्यालाच ती सुचू शकत होती. 14 ऑक्टोबर 1956 च्या नागपूरच्या धर्मांतरानंतर बौद्ध घरांतल्या मुलांची नावं सिद्धार्थ, राहुल, गौतम, मिलिंद, सुजाता, प्रज्ञा अशी झाली. बाहेरून पाहणाऱ्यांना ती नावांची फॅशन वाटली असेल. ती मनुस्मृतीच्या त्या नियमाला दिलेलं घरोघरचं उत्तर होतं. ते उत्तर द्यायला कायद्याची गरज पडली नाही, बारशाला जमलेले चार लोक पुरले.

आता तिसऱ्या श्रोत्याकडे येतो, आणि इथे माझी भूमिका ठाम आहे. ऑक्टोबर 2011 मध्ये सातारा जिल्ह्यात एका समारंभात 285 मुलींची नावं बदलण्यात आली. या सगळ्यांचं जुनं नाव एकच: नकोशी, नकुशी, नकुसा. रेशनकार्डावर तेच, शाळेच्या दाखल्यावर तेच. मास्तरांनी हजेरी घेताना रोज सकाळी तेच म्हणायचं आणि मुलीनं उभं राहून ‘हजर’ म्हणायचं. त्या दिवशी मुलींनी स्वतः नवी नावं निवडली. कुणी देवीचं घेतलं, कुणी सिनेतारकेचं. यावर असं म्हणणारे लोक आहेत की नकुशी हीदेखील दगडूसारखीच एक रूढी. नाव ठेवलं म्हणून आईबापांचं प्रेम नसतं असं नाही, ‘नकुशी’ ठेवलं की पुढचा मुलगा होतो एवढीच समजूत, बाकी मुलगी घरात लाडाचीच. समजूत अशी होती हे खरं आहे. आणि जगात तिलाही भावंडं आहेत. तुर्कस्तानात मुली फार झाल्या की एकीचं नाव येतेर ठेवत, म्हणजे ‘पुरे’. चीनमध्ये जावदी म्हणजे ‘धाकट्या भावाला बोलाव’. ज्या तुर्की भाषेनं दुर्सुन दिलं त्याच भाषेनं येतेर दिलं. ‘टिकू दे’ आणि ‘पुरे’, दोन्ही नावं एकाच आकाशाकडे तोंड करून उच्चारलेली.

पण कुणासाठी उच्चारली हे विचारा, म्हणजे दोन्हींतलं अंतर दिसतं. दगडूचे आईबाप बोलतात ते दगडूसाठी. त्यांचं सगळं कपट ज्याचं नाव आहे त्याच्याच भल्याचं आहे, आणि मूल मोठं झाल्यावर त्याला कारण विचारायची सोय आहे: ‘तू राहावास म्हणून रे.’ नकुशीचे आईबाप बोलतात ते अजून न जन्मलेल्या मुलासाठी. जी समोर पाळण्यात आहे ती फक्त निरोप्या. तिच्या तोंडून देवाला निरोप द्यायचा की ही नको होती, पुढच्या वेळी चूक करू नकोस. तिनं मोठेपणी कारण विचारलं तर सांगण्यासारखं काहीही नाही. दगडूच्या नावात खोटं आहे आणि म्हणून त्यात माया आहे. नकुशीच्या नावात जे म्हटलं आहे तेच खरं आहे. आणि तो निरोप देवापर्यंत पोचो न पोचो, रोज तो नक्की ऐकणारी एक व्यक्ती आहे, ती म्हणजे ती मुलगी. लाडानं वाढवली असेलही, पण हजेरीच्या वेळी लाड कामाला येत नाहीत. निरोप नुसता नावापुरता राहिला नाही हेही आकड्यांत दिसतं. महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे मुली 1991 साली 946 होत्या, 2001 साली 913, आणि 2011 साली 894. सोनोग्राफी यंत्र आल्यावर ज्या घरांना पूर्वी नकुशी म्हणून थांबावं लागे, त्यांना नाव ठेवायचीही वेळ येऊ न देण्याची सोय झाली.

इथे मला माझ्याच मांडणीला एक अडचण दाखवायला हवी. दगडू मायेचा आणि नकुशी तिरस्काराची, अशी सरळ वाटणी करता येत नाही, कारण मध्ये नथू उभा आहे. मुलगा वाचवायचा तर त्याला मुलगी करा, नथ घाला, परकर नेसवा, मृत्यू फसेल. का फसेल? कारण मुलीला कोण नेणार, असं गृहीत आहे. सुंदर मूल लपवायला केर, भीक, दगड वापरले, तसाच मुलीचा वेषही वापरला. म्हणजे केर आणि मुलगी एकाच टोपलीत. ज्या हिशेबानं नथू वाचवला, त्याच हिशेबाचं पुढचं पान म्हणजे नकुशी. हे कबूल केल्याशिवाय तीट लावणाऱ्या आईचं गुणगान करणं अर्धवट होईल. तरी दुसरी बाजू सोडवत नाही. आपल्याकडे दगडाबाई होत्या, धोंडाबाई होत्या, भिकाबाई होत्या. हैदराबादच्या मुक्तिसंग्रामात रझाकारांविरुद्ध लढलेल्या जालना भागातल्या दगडाबाई शेळके यांचं नाव मराठवाड्यात आदरानं घेतात. ज्या घरात मुलीचं नाव दगडा ठेवलं गेलं, त्या घरात कुणाला तरी मुलगीसुद्धा जगायला हवी होती. मृत्यूला फसवण्याचा खटाटोप नकोशा जिवासाठी कुणी करत नाही. दगडा आणि नकुशी ही दोन्ही नावं मुलींचीच, दोन्ही ओबडधोबड, आणि कोशातला अर्थ पाहून त्यांतली कोणती आईच्या धास्तीतून आली आणि कोणती कंटाळ्यातून, हे कुणालाही ओळखता येणार नाही.

तत्त्वज्ञांचा एक आक्षेप राहिला, तो थोडक्यात आटोपतो. जॉन स्टुअर्ट मिल यांनी 1843 साली तर्कशास्त्रावरच्या ग्रंथात म्हटलं की विशेषनामाला अर्थ नसतोच, ते फक्त खूण असतं. डार्ट नदीच्या मुखाशी वसलं म्हणून गावाचं नाव डार्टमाउथ पडलं. उद्या नदीनं पात्र बदललं तरी नाव चुकीचं ठरत नाही. वापराच्या पातळीवर हे बरोबर आहे. महर्षी कर्व्यांचं नाव घेताना धोंडा कुणाच्या डोळ्यांपुढे येत नाही. पण नाव घासून गुळगुळीत व्हायला वेळ लागतो, आणि नाव धारण करणाऱ्याची पत लागते. धोंडोपंतांचं नाव गुळगुळीत झालं, धोंड्याचं झालं नाही. साताऱ्यातल्या 285 मुलींना त्यांची नावं नुसती खूण वाटली असती तर बदलाचा तो समारंभ करावाच लागला नसता.

आजची नावं या कसोटीवर लावून पाहिली तर एक गोष्ट जाणवते. हल्ली आईबाप नाव शोधताना अर्थाला फार जपतात, आणि याद्यांमध्ये संस्कृतशी दूरान्वयानंही नातं नसलेल्या शब्दांना ‘सूर्याचा पहिला किरण’ किंवा ‘देवाची देणगी’ असे अर्थ बेधडक चिकटवलेले असतात. नाव वर्गात दुसऱ्या कुणाचं नसावं, परदेशी जिभेला सोपं जावं, याचीही काळजी घेतली जाते. श्रोता बदलला, एवढंच. तो आता शाळेच्या, कंपनीच्या, विमानतळाच्या खिडकीमागे बसलेला असतो. यात वाईट काही नाही. मुलाच्या जगण्याची खात्री असेल तरच इतक्या पुढचा विचार सुचतो. वाईट आहे ते त्याच सुखवस्तूपणातून आलेलं दुसरं वागणं: पणजोबांचं नाव दगडू होतं हे सांगायची लाज, लग्नपत्रिकेवर आणि वंशावळीत ते नुसतं ‘द.’ करून टाकणं, किंवा परस्पर ‘दत्तात्रय’ लिहिणं. जन्ममृत्यूची नोंद आपल्या खेड्यांत कित्येक वर्षं धड होत नव्हती. दगडूच्या आधी गेलेली दोन-तीन भावंडं कुठल्याही रजिस्टरात सापडणार नाहीत. कित्येकांचं बारसंसुद्धा झालं नसेल. ती होऊन गेली याचा एकमेव लेखी पुरावा बहुतेक वेळा दगडू हे नावच असतं. ते पुसलं की तो पुरावाही गेला आणि ती मुलंही गेली. जातीनं लादलेलं नाव टाकून देण्याचा हक्क ते ज्याच्यावर लादलं गेलं त्याला आहे, आणि त्यानं ते टाकलं हेही कुटुंबाच्या इतिहासात लिहिण्याजोगं आहे. पण नुसत्या संकोचापायी नाव बदलायचा हक्क पणतवंडांना नाही.

तुमच्या घरच्या कागदपत्रांत एखादा दगडू, केरू, भिकू, एखादी धोंडाबाई असेल, तर वंशावळीत ते नाव पूर्ण आणि जसंच्या तसं लिहा. घरात ऐंशी-नव्वदीचं कुणी असेल तर त्यांना आताच विचारा की हे नाव का ठेवलं, त्याच्या आधी किती मुलं गेली, बाळ कुणी विकत घेतलं होतं आणि कशाच्या बदल्यात. जे सांगतील ते त्या नावासमोर लिहून ठेवा.